पेटीवाल्यांचं अपील

अपील करणारा माणूस वारला तर काय करायचं, याची कोर्टाला सवय असते. त्याच्या नावावर रेघ मारायची, खाली वारसांची नावं लिहायची आणि पुढची तारीख द्यायची. वारस नसेल तर अपीलही बिचारं त्याच्या मागोमाग जातं. पण पेटीवाल्यांच्या अपिलात वेगळीच भानगड निघाली. पेटीवाल्यांना वारस एकच होता, आणि अपील त्याच्याच विरुद्ध होतं.

हा वारस म्हणजे त्यांचा मुलगा. शहराला पाणी चढवणाऱ्या पंपघरात तो रात्रपाळी करायचा, म्हणून कोर्टात सगळे त्याला पंपवाला म्हणायचे. त्या सकाळी त्याने स्कूटर कोर्टाच्या भिंतीला लावली, इंजिन बंद केलं आणि तसाच बसून राहिला. मागचा आधी उतरतो, मग पुढच्याने पाय टाकायचा, ही सवय. मागचं कुणी उतरेना.

"साहेब, उतरताय की जाताय?" दारावरच्या पहारेकऱ्याने विचारलं.

तेव्हा कुठे पंपवाल्याच्या डोक्यात उजेड पडला आणि त्याने पाय टाकला.

बापलेक कोर्टात एकाच स्कूटरवरून यायचे. हे सुनेने ठरवलं होतं. घर एक, कोर्ट एक, तारीख एक, मग दोन वाटांनी कशाला जायचं, असं तिचं म्हणणं. डबाही ती एकच द्यायची, दोन कप्प्यांचा. जेवणाच्या सुट्टीत वादी आणि प्रतिवादी कोर्टाबाहेरच्या बाकावर मध्ये डबा ठेवून, एकमेकांकडे न बघता, मुकाट जेवायचे. पंपवाल्याच्या वकिलाने एकदा त्याला बाजूला घेऊन सांगितलं होतं, "निदान कोर्टाच्या आवारात तरी जरा फटकून वागा हो. केसला बरं दिसत नाही."

केस तशी साधी होती. पेटीवाले घराच्या पुढच्या खोलीत पत्र्याच्या पेट्या बनवायचे. पत्रा कापायचा, वाकवायचा, कडा ठोकून बसवायच्या. पंपवाला लहान असताना त्याच ठकठकीत झोपायचा, आणि ठकठक थांबली की दचकून जागा व्हायचा. पुढे तो पंपघरात लागला. रात्रभर मोटारींच्या घरघरीत उभं राहायचं आणि दिवसा घरी येऊन आडवं व्हायचं. आडवं झालं की भिंतीपलीकडून ठक ठक ठक. डोळ्याला डोळा लागेना. एक महिना काढला, एक वर्ष काढलं, मग त्याचं डोकं फिरलं.

खरं तर उठून बापाला सांगायचं, की बाबा, मला झोप येत नाही. पण त्या घरात बापलेक एकमेकांशी थेट बोलत नसत. भांडण वगैरे काही नव्हतं, पद्धतच तशी पडली होती. "तुझ्या सासऱ्यांना सांग," असं तो बायकोला म्हणायचा. "तुझ्या नवऱ्याला सांग," असं ते सुनेला म्हणायचे. आणि सून स्वयंपाकघरातून दोघांना उद्देशून म्हणायची, "ऐकलं ना?" एक दिवस तिने हात टेकले. "तुमचं तुम्ही बघा. मी काय पोस्ट आहे का?" झालं. मधला मार्गच बंद पडला, म्हणून पंपवाल्याने कोर्टाचा धरला.

समन्स आलं तेव्हा पेटीवाले पत्रा आणायला गेले होते. घरातला जाणता पुरुष म्हणून बापाच्या नावचं समन्स पंपवाल्यानेच सही करून घेतलं आणि संध्याकाळी पेटीवर ठेवून दिलं. पेटीवाल्यांनी चष्मा लावून ते वाचलं, घडी घातली, आणि सुनेला एवढंच विचारलं, "याला कोर्टात जायला रजा मिळते का?"

"बदली सुट्टी देतात म्हणे," ती म्हणाली.

"मग बरं."

दावा लिहून घेताना एक गंमत झाली होती, जी तेव्हा गंमत वाटली नव्हती. वकिलाने 'प्रतिवादीने सदर घरात हातोडा चालवू नये' असं लिहून विचारलं, "आणखी काही?" पंपवाला सरळ रात्रपाळीवरून आला होता. डोळे चुरचुरत होते. तो म्हणाला, "त्यांच्या पश्चात दुसरं कुणी ठोकायला बसलं तर? तेही लिहा. वारससुद्धा."

"त्यांना वारस कोण?"

"ते मला काय माहीत? तुम्ही लिहून ठेवा."

वकिलाने लिहिलं. खालच्या कोर्टाने दावा मंजूर केला, वारसासकट. प्रतिवादीने आणि त्याच्या वारसाने सदर घरात कायमचा हातोडा चालवू नये. त्या दिवशी दोघं नेहमीसारखे स्कूटरवरून घरी आले. पेटीवाल्यांनी अर्धी झालेली पेटी भिंतीकडे सरकवली, तिच्यावर बसले आणि हात मांडीवर ठेवले. ते पुढे तसेच बसून असायचे.

पण ठकठक थांबली नाही.

पंपवाला आडवा झाला की भिंतीपलीकडून ठक ठक ठक. तो ताडकन उठून दार उघडायचा, तर बाप हात मांडीवर ठेवून बसलेला. त्याला वाटलं, म्हातारा चलाख आहे, पावलं ऐकून हातोडा लपवतो. बायको म्हणाली, "अहो, ते ठोकत नाहीयेत. मी समोरच तर असते." तो म्हणाला, "तू त्यांच्याच बाजूची." मग त्याने वकिलाकडून नोटीस पाठवली, की मनाई मोडाल तर तुरुंगात जाल. ही नोटीसही त्यानेच सही करून घेतली. तेव्हा मात्र पेटीवाल्यांनी दोन गोष्टी केल्या. स्वतःचा हातोडा आणून मुलाच्या उशाशी ठेवला, आणि वरच्या कोर्टात अपील लावलं.

हातोडा पंपवाल्याने पंपघरातल्या कपाटात टाकून कुलूप लावलं. ठकठक चालूच. त्याने निष्कर्ष काढला, की दुसरा हातोडा आहे.

मग एका तारखेनंतर पेटीवाले आजारी पडले आणि गेले. आलेली माणसं परतली, घर रिकामं झालं. पंपवाला भिंतीकडे पाठ करून आडवा झाला, आणि ठक ठक ठक. तो उठला. दार उघडलं. खोलीत पत्र्याची अर्धी पेटी होती आणि तिच्यावर कुणी बसलेलं नव्हतं. तो तिथेच दारात उभा राहून ऐकत राहिला. आवाज त्याच्याबरोबर खोलीत आला होता.

कानाच्या डॉक्टरांनी तपासून सांगितलं, की पंपघरातल्या मोटारींनी कान गेले आहेत, आणि हा आवाज आतला आहे. कधीपासूनचा, ते सांगता येणार नाही. कधी थांबेल, ते सांगता येईल. "तुम्ही थांबाल तेव्हा," डॉक्टर म्हणाले. त्यांना वाटलं, पंपवाला हसेल.

म्हणून आज पंपवाला पिशवीत डॉक्टरांचा कागद आणि बापाचा हातोडा घेऊन आला होता.

"हे काय?" पहारेकऱ्याने पिशवीत हात घालून विचारलं.

"पुरावा."

"हा तर हातोडा आहे. आत न्यायचा नाही. न्यायाधीशांवर उगारलात म्हणजे?"

"त्याला फडकं गुंडाळलंय," पंपवाला म्हणाला. खरंच हातोड्याच्या डोक्याला खाकी कापडाची जाड घडी दोऱ्याने घट्ट बांधलेली होती. उशाशी आला तेव्हापासून ती तशीच होती. तेव्हा त्याने तिच्याकडे नीट बघितलंही नव्हतं. आताशा बघत होता.

"फडक्याने लागत नाही का?" असं म्हणून पहारेकऱ्याने तो जप्त छत्र्यांच्या शेजारी ठेवला.

आत दोन्ही वकील एकाच टेबलाशी बसले होते. पेटीवाल्यांचे ते थोरले वकील आणि पंपवाल्याचे ते धाकटे वकील. धाकटे सगळं काम थोरल्यांच्याच हाताखाली शिकलेले. थोरले आले की ते अजून उठून उभे राहायचे आणि विरुद्ध बाजूचे असूनही हळूच विचारायचे, "सर, आज मी काय म्हणू?"

"विरोध कर," थोरले म्हणाले. "तुला दुसरं काय येतं?"

पुकारा झाला. न्यायाधीशबाईंनी कागद उलटले. त्यांना सर्दी झाली होती आणि समोर कागदांचा ढीग होता.

"अपील करणारे कुठे आहेत?"

"वारले, मॅडम," थोरले वकील म्हणाले. "त्यांच्या जागी वारसाला घ्यावं, असा अर्ज दिलाय."

"वारस हजर आहे?"

"आहे, मॅडम. सामनेवाल्याच्या जागेवर उभा आहे."

"मग त्यांना इकडे घ्या."

पंपवाला इकडे आला. न्यायाधीशबाईंनी पान उलटलं.

"आणि सामनेवाले?"

"तेही हेच, मॅडम."

पंपवाला परत तिकडे निघाला.

"अहो, तुम्ही आधी एका जागी उभे राहा बघू!"

तो मधोमध उभा राहिला. तिथून पट्टेवाल्याची जायची वाट होती, त्यामुळे दर थोड्या वेळाने त्याला अंग चोरावं लागत होतं.

"आमचा या अर्जाला सक्त विरोध आहे," धाकटे वकील उठून म्हणाले. "हा जो वारस आहे, तो माझ्या अशिलाचं नुकसान करायला टपलेला आहे. माझ्या अशिलाने कष्टाने मिळवलेला निकाल त्याला उलटवायचाय."

"वारस म्हणजे कोण?"

"माझा अशील."

"आणि तुमच्या अशिलाचं काय म्हणणं आहे?"

धाकट्या वकिलांनी पंपवाल्याकडे बघितलं, मग थोरल्यांकडे बघितलं. थोरले छताकडे बघत होते.

"मला हरायचंय," पंपवाला म्हणाला.

न्यायाधीशबाईंनी पेन खाली ठेवलं. "हे बघा. हरायचंच असेल तर एवढा खटाटोप कशाला? एक ओळ लिहून द्या, की मला मिळालेला हुकूम मी सोडून देतो. विषय मिटला."

"तसं नको."

"का?"

"सोडून दिला तर मी त्यांना माफ केल्यासारखं होईल. त्यांनी काही केलंच नव्हतं." त्याचा आवाज चढला होता. पंपघरात काम करणाऱ्यांचा चढतोच. "आवाज माझ्या कानातला होता. माझ्याकडे डॉक्टरांचा कागद आहे. खालच्या कोर्टाने लिहिलंय, की प्रतिवादी मुद्दाम त्रास देतो. मुद्दाम, असं लिहिलंय. ते खोडून पाहिजे. कोर्टाने लिहिलं, ते कोर्टानेच खोडायला पाहिजे. मी घरी बसून खोडलं तर ते खोडलं जातं का?"

पट्टेवाला एक गठ्ठा घेऊन चालला होता, तो थांबला. मागच्या बाकांवर कुणीतरी खोकलं.

"तुमचा कागद बरोबर असेल," न्यायाधीशबाई जरा मवाळ होऊन म्हणाल्या. "पण तो पुरावा झाला. पुरावा बघायचा अपील ऐकताना. आणि आज आपण बघतोय, अपील मुळात ऐकता येतं का. एकाने हो म्हणायचं, दुसऱ्याने नाही म्हणायचं, तेव्हा कोर्टाला काम. इथे दोन्हीकडे तुम्हीच. मग माझ्यापुढे वाद कुठला?"

"मी दोघांच्या वतीने बोलतो. माझं मी बोलतो आणि त्यांचंही बोलतो."

"मॅडम, ऐकून तरी घ्यावं," थोरले वकील म्हणाले.

न्यायाधीशबाईंनी नाक पुसलं. "बरं. सांगा. तुमच्या वडिलांचं म्हणणं काय होतं?"

पंपवाला बापाच्या जागेवर जाऊन उभा राहिला. टेबलाची कड दोन्ही हातांनी धरली. तोंड उघडलं.

आणि त्याच्या ध्यानात आलं, की बापाचं म्हणणं काय होतं हे त्याला ठाऊकच नाही. ते कधी काही म्हणाले नव्हते. दावा लागला तेव्हा नाही, हुकूम झाला तेव्हा नाही, नोटीस आली तेव्हा नाही. स्कूटरवर मागे बसल्यावर त्याच्या खांद्यावर हात ठेवायचे, तोही खड्ड्यांसाठी. डब्यातलं त्याला आवडणारं त्याच्या कप्प्यात सरकवायचे. एवढाच काय तो जबाब. तो उभा राहिला. डोक्यात ठक ठक ठक चाललं होतं, आणि त्या गोंधळात दुसरं काही सुचेना.

"साहेब," तो थोरल्या वकिलांकडे वळून हळूच म्हणाला, "बाबांचं म्हणणं काय होतं?"

थोरल्यांनी चष्मा काढून पुसला. "मला विचाराल तर काही नव्हतं. अपिलातले मुद्दे मी लिहिले, त्यांनी सही केली. वाचूनसुद्धा दाखवू दिले नाहीत. मी प्रत्येक वेळी विचारायचो, पेटीवाले, पुढची तारीख जवळची मागू की लांबची? ते म्हणायचे, जवळची. मी म्हणायचो, म्हणजे लवकर निकाल लागेल. तर म्हणायचे, छे छे, निकालाची घाई नाही. तारीख तेवढी जवळची घ्या." त्यांनी चष्मा परत लावला. "असले अशील मी जन्मात बघितले नव्हते. मला वाटलं, वयामुळे असेल."

धाकटे वकील खाली बघून कागद जुळवायला लागले. ते आधीच जुळवलेले होते.

"मॅडम," पंपवाला म्हणाला, "अपील करणाऱ्याचं एवढंच म्हणणं आहे."

"कोणतं?"

त्याने टेबलाची कड सोडली. न्यायाधीशबाई घड्याळाकडे बघून म्हणाल्या, "जेवणानंतर हुकूम देते."

बाकावर बसून त्याने डबा उघडला. बायकोने सवयीने दोन्ही कप्पे भरले होते. त्याने आपला कप्पा संपवला. दुसरा मध्ये ठेवून तो बसून राहिला. एक पक्षकार घाईघाईने आला, "सरका की जरा," म्हणाला, आणि डबा उचलून पंपवाल्याच्या मांडीवर ठेवून ऐसपैस बसला.

जेवणानंतरचा हुकूम छोटा होता. अपील करणाऱ्याचा हक्क आणि सामनेवाल्याचा हक्क एकाच माणसात आल्यामुळे वाद उरलेला नाही. वाद उरला नसल्यामुळे अपील ऐकता येत नाही. अपील ऐकता येत नसल्यामुळे खालच्या कोर्टाचा निकाल आहे तसा कायम. खर्च ज्याचा त्याने सोसावा.

"दोन्हीकडचा?" धाकट्या वकिलांनी विचारलं.

"ज्याचा त्याने," न्यायाधीशबाई म्हणाल्या. मग पंपवाल्याला उद्देशून, टंकलेखिकेला हाताने थांबवून, म्हणाल्या, "हे लिहायचं नाही. अहो, मनावर घेऊ नका. मनाई आहे ती कागदावर. ती मोडली म्हणून तक्रार करणार कोण? तुम्हीच ना? तुम्ही करू नका. संपलं."

"घरात त्यांचा फोटो लावायचाय," पंपवाला म्हणाला. "खिळा ठोकावा लागेल. आणि वारस मीच आहे."

"ठोका हो खुशाल!"

थोरले आणि धाकटे वकील त्याला दरवाज्यापर्यंत सोडायला आले. धाकटे म्हणाले, "अभिनंदन. आपण जिंकलो." आणि लगेच जीभ चावली. थोरल्यांनी त्याचा हात हातात घेतला आणि सोडायचा विसरून गेले. पहारेकऱ्याने हातोडा परत दिला, पण आधी छत्री काढून दिली. ती आपली नाही हे सांगायला पंपवाल्याला थोडा वेळ लागला.

पेटीवाल्यांचा फोटो असा एकही नव्हता. फोटो काढताना ते नेहमी काढणाऱ्याच्या मागे उभे असायचे. शेवटी अपिलाच्या प्रतिज्ञापत्राला चिकटवलेला एक छोटा फोटो निघाला. कोर्टातून त्याची नक्कल घेऊन मोठा करून आणला. त्यामुळे चौकटीत पेटीवाले होते आणि त्यांच्या डाव्या खांद्यावर कोर्टाच्या गोल शिक्क्याचा अर्धा भाग होता. फोटोवाल्याने विचारलं होतं, "शिक्का काढून टाकू का?" सून म्हणाली होती, "राहू दे. तेवढाच त्यांचा बाहेरचा संबंध."

फोटो आणल्यापासून अर्ध्या पेटीवर भिंतीला टेकून ठेवला होता.

"काय झालं?" तो घरी येताच बायकोने पीठ लागलेले हात पुसत विचारलं.

"अपील ऐकता येत नाही म्हणाले."

"मग?"

"मग काही नाही. मी जिंकलो."

त्याने खिळा घेतला, स्टूल घेतलं, पिशवीतून हातोडा काढला. स्टुलावर चढून खिळा भिंतीवर धरला आणि घाव घातला. खिळा जरासा दबला. त्याच्या कानात ठक ठक चालू होती, तिच्यात ही कुठली ते कळेना.

"आवाज आला?" त्याने विचारलं.

"नाही."

त्याने जोरात मारला. "आता?"

"नाही हो. कसा येईल? त्याला फडकं आहे."

"हे कधी बांधलं त्यांनी?"

"तुम्ही कोर्टात जायच्या कितीतरी आधी. तुमची पहिली रात्रपाळी झाली त्या आठवड्यात." ती जवळ आली आणि घडीवर बोट ठेवलं. "तुमच्या गणवेशाचीच बाही आहे ही, आखूड करताना कापलेली. माझ्याकडून मागून घेतली. फडक्याने कडा नीट बसत नाहीत म्हणून एका पेटीला दोन-दोन दिवस लागायचे. गिऱ्हाइकं बडबडायची."

"मला का नाही सांगितलंस?"

"सांगितलं की. तुम्ही म्हणालात, तू त्यांच्याच बाजूची." ती शांतपणे म्हणाली. रागावली असती तर त्याला बरं वाटलं असतं. "कोर्टातसुद्धा सांगणार होते. तुम्ही दोघांनीही मला साक्षीदार म्हणून लिहिलं होतं ना. तेव्हा कोर्टातले म्हणाले, दोघांची साक्षीदार चालत नाही. घरी पाठवलं मला."

पंपवाला स्टुलावरच खाली बसला. आता त्याची मान फोटोच्या बरोबरीला आली. पेटीवाले समोर बघत होते, खांद्यावर अर्धा शिक्का घेऊन.

बऱ्याच वेळाने त्याने दोऱ्याची गाठ सोडवायला घेतली. ती घट्ट होती. दातांनी सोडवली. बाही उलगडली, तिची घडी घालून खिशात ठेवली. मग उठून उघड्या हातोड्याने खिळ्यावर जीव खाऊन घाव घातला.

सगळं घर हादरलं. स्वयंपाकघरातली झाकणं वाजली, भिंतीचा पोपडा पडला, आणि शेजारून कुणीतरी ओरडलं, "अहो, काय चाललंय काय?" पंपवाला दचकून स्टुलावरून पडता पडता राहिला.

"हा आवाज," बायको म्हणाली. "असा असतो तो."

त्याने आणखी तीनदा ठोकलं. गरज नव्हती, खिळा पहिल्याच घावात आत गेला होता. फोटो टांगला. तो वाकडा बसला. सरळ करायला ती पुढे झाली, तर तो म्हणाला, "राहू दे. मला अर्ज लिहायचाय."

दुसऱ्या दिवशी रात्रपाळीवरून तो सरळ कोर्टात गेला. अर्ज घ्यायच्या खिडकीत शिरस्तेदार बसले होते. अर्ज वाचताना त्यांच्या ओठांची हालचाल होत होती.

"मनाई मोडल्याची तक्रार," ते म्हणाले. "कुणाविरुद्ध?"

"प्रतिवादीच्या वारसाविरुद्ध. काल संध्याकाळी त्याने सदर घरात हातोडा चालवला. फडकं काढून."

"तुम्ही स्वतः ऐकलंत?"

"हो. पहिल्यांदाच."

"तक्रारदार कोण?"

"मी."

"आणि हा वारस?"

"मी."

शिरस्तेदारांनी मान वर केली, त्याच्याकडे बघितलं, आणि परत खाली घातली. त्या खिडकीत त्यांनी बरंच काही बघितलं होतं. "सामनेवाल्याला काय व्हायला पाहिजे? दंड? कैद?"

"त्याला जबाब द्यायचाय. मनाई का मोडली ते सांगायचंय. मूळ मनाईच चुकीची होती, असं त्याचं म्हणणं आहे. त्याच्याकडे कागद आहे. हातोडा आहे. साक्षीदार आहे, एकाच बाजूची." त्याने खिडकीची कड धरली होती. "तक्रार आहे म्हटल्यावर जबाब ऐकावा लागतो ना?"

"जबाब ऐकावा लागतो," शिरस्तेदार सावकाश म्हणाले. "पण त्याच्या आधी बघावं लागेल, हा अर्ज ऐकता येतो का."

"बघा."

"नाही येणार, असं मला वाटतं."

"बघा तर खरं."

"सामनेवाल्याला प्रत दिलीत?"

पंपवाल्याने एक प्रत स्वतःकडे ठेवली आणि मिळाली म्हणून सही केली. शिरस्तेदारांनी शिक्का मारला. थोडा शिक्का सहीवर पडला, थोडा बाहेर गेला. मग त्यांनी तारखांचं मोठं रजिस्टर ओढून पुढ्यात घेतलं आणि जांभई दिली.

"जवळची तारीख देऊ की लांबची?"

"जवळची," पंपवाला म्हणाला. "निकालाची घाई नाही."

बाहेर येऊन त्याने स्कूटर सुरू केली आणि तो थांबला. मागचा नीट बसला की खांद्यावर हात पडतो, मग निघायचं. इंजिन घरघरत राहिलं. पहारेकऱ्याने तोंड उघडलं, त्याच्याकडे बघितलं, आणि काही न विचारता फाटक पूर्ण उघडून धरलं.